चारुलताची शेवटची लाइफ

१४ नोव्हेंबर १९९६, गुरुवार
वाशीत नवा कॉम्प्युटर क्लास उघडलाय. २४ तारखेला तिथे नवरा-बायकोंची व्हिडिओ गेम स्पर्धा. गेम तोच, आमच्या टीव्हीवरचा, कॉमिकमधल्या पाच सुपरहिरोंचा. बक्षीस: बायकोला सहा महिन्यांचा कोर्स फुकट. चारुलताला तो कधीपासून करायचाय. मीच 'बघू' म्हणत आलो. आता जिंकूनच देणार! नाव दिलं. बिल्डिंगभर सांगितलंही.

१७ नोव्हेंबर, रविवार
प्रॅक्टिस. चारुलता माझ्या पुढे जाते. नवख्याचं नशीब. मी गाइड करतो. ती म्हणते, ओरडता.

२० नोव्हेंबर, बुधवार
ती क्लासमध्ये जाऊन आली. म्हणाली, तिथे गेम कॉम्प्युटरवर आहे, बटणं वेगळी. आपल्या कॅसेटमध्ये तीनच हिरो, तिथे पाचही. शिवाय आपल्या लाइफ संपल्या तर एक बटण दाबून जोडीदाराची घेता येते. एकदा हात बसवायला चला म्हणाली. मी म्हटलं, गेम इज गेम. टेन्शन नको.

२३ नोव्हेंबर, शनिवार
जाणार होतो. टीव्हीवर टेस्ट मॅच होती. स्पर्धेच्या आदल्या दिवशी आराम हवाच.

२४ नोव्हेंबर, संध्याकाळ
लिहवत नाही.
फायनलला पोचलो. म्हणजे चारुलता पोचली. माझ्या सगळ्या लाइफ पहिल्याच पुलावर गेल्या. उडीचं समजून दाबत होतो ते बटण खाली बसण्याचं निघालं. तिची एकच उरली होती. शेवटचा व्हिलन अर्धमेला. मागे अख्खी सोसायटी. शेजारच्या केशरबाई म्हणाल्या, "भाऊजी नुसते बघत बसलेत!"
राहवेना. जोडीदाराची लाइफ घ्यायचं ते बटण दाबलं.
चारुलताची हिरॉइन जागच्या जागी गायब. माझा हिरो उभा राहिला, दोन पावलं चालला, खड्ड्यात पडला.
मी मोठ्याने म्हणालो, कीबोर्ड अडकतोय. क्लासचे वामन सर आले, एकेक बटण दाबून पाहिलं. म्हणाले, "चालतोय की, साहेब."
येताना रिक्षात ती बाहेर बघत होती.

२५ नोव्हेंबर, सोमवार
सासूबाईंचा फोन. कसे हरलात विचारत असणार. चारुलता म्हणाली, "कीबोर्ड बिघडला होता, आई. यांचा काही दोष नाही."
तिने फोन ठेवल्यावर मी म्हटलं, खरं सांगायचंस ना.
ती म्हणाली, "काय सांगू? नवऱ्याने मारलं म्हणून?"
मी हसलो. ती हसली नाही.