दोन काचा आणि एक मेमो

मी, मुक्ताबाई आबाराव बनसोडे, वय वर्षे सदुसष्ट, निवृत्त प्रयोगशाळा परिचर, राहणार मुरुम, तालुका उमरगा, जिल्हा धाराशिव, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. माझ्यावर कुणाचा दबाव नाही. तसा माणूस अजून जन्माला यायचाय. डोकं ठिकाणावर आहे आणि नजर तर घरातल्या सगळ्यांपेक्षा पक्की आहे. वकिलांचा मसुदा चांगला होता, पण त्यात मी कुठंच नव्हते, म्हणून बाजूला ठेवला.

१. दोन खोल्यांचं राहतं घर मुलगा राजपाल याला मिळावं. मागचा सिमेंटचा हौद बुजवू नये. त्यातलं शेवाळ बघून सूनबाई भाग्यश्री नाक मुरडते, पण ते मी मुद्दाम वाढवलंय.

२. बँकेत असेल ते आणि माझी बोरमाळ भाग्यश्रीला. नाक मुरडत का होईना, पंधरा वर्षं तिनं माझ्या हौदाच्या पाण्याच्या बाटल्या फेकल्या नाहीत.

३. माझा आरशाचा सूक्ष्मदर्शक नात चैताली हिलाच मिळावा. शाळेत नवीन यंत्रं आली तेव्हा हा डेडस्टॉकमधून निघाला आणि मी रीतसर पावती करून घरी आणला. राजपालच्या मनात तो शाळेला देऊन काचेच्या कपाटात माझ्या नावाच्या पाटीसकट ठेवायचा आहे. बाबा रे, असलं काही करू नको. ज्यातून बघायचं त्याच्याकडंच लोक बघत बसतील.

चैतालीला हे माहीत असावं म्हणून लिहिते. आईच्या पायातून नारू निघाला तेव्हा मी नऊ वर्षांची होते. दोऱ्यासारखा किडा काडीला गुंडाळून रोज बोटभर ओढायचा, आणि आई पदर तोंडात धरून बसायची. आमच्या वस्तीला गावच्या आडात दोर सोडू देत नव्हते, म्हणून आम्ही बारवेत उतरून पाणी भरायचो. लोक म्हणायचे, मागच्या जन्मीचं पाप. शाळेत नोकरीला लागल्यावर त्याच बारवेच्या पाण्याचा थेंब मी भिंगाखाली धरला. एकडोळ्या सायक्लोप्स, पाण्यातला टिंबाएवढा जीव, पळत होता. नारूचं पिल्लू याच्याच पोटातून माणसात जातं, असं पुस्तकात छापलं होतं. मी कपाटाला टेकून रडले. पाप नव्हतंच, पाणी होतं.

यंत्र बाहेर न्यायची परवानगी नव्हती, म्हणून रविवारी मी वस्तीतल्या बायकाच शाळेत आणल्या. "अगं बया, ह्याला तर एकच डोळा हाय की!" म्हणून द्वारकाबाई ओरडली. त्या दिवसापासून आमच्या वस्तीत दुहेरी फडक्यातून गाळल्याशिवाय कुणी घोटभर पाणी प्यालं नाही, आणि वर्ष उलटल्यावर एकाही पायातून नारू निघाला नाही. याचा मला लई अभिमान आहे. तो मी कुणाच्या नावे करत नाही, सोबत नेते.

४. थेंबात दिसलेल्या जिवांच्या एकतीस वह्या, चित्रांसकट, चैतालीला. चपल्या, घंटीवाला, जात्याची बाई ही नावं मी ठेवलेली आहेत. पुस्तकातली नावं कंसात आहेत. अट एकच: आधी बघायचं, मग काढायचं, नाव शेवटी.

५. आता शिवशरण सर. सर विज्ञान शिकवायचे. १९८६ साली तपासणीचे साहेब आले, तेव्हा सरांनी गडबडीत थेंबावरची पातळ काच सपाट टाकली. ती एका कडेनं तिरकी टेकवून हळूच सोडायची असते, नाहीतर हवा अडकते. सर म्हणाले, "नोडरी साहेब, बघा, अमिबा!" साहेब वाकून म्हणाले, "वा!" मी मागून बघितलं. गोल गरगरीत, काळी जाड कड, जागचं हलत नव्हतं. मी म्हणाले, "सर, त्यो बुडबुडा हाय." साहेब हसले. दुसऱ्या दिवशी मला मेमो मिळाला: स्लाइड निष्काळजीपणे बिघडवली, वरिष्ठांशी उद्धट वर्तन केले. सर म्हणाले, "बाई, तुमचं काम काच पुसायचं. बघायचं न्हाय."

अडतीस वर्षं झाली. सर शेजारच्या गल्लीत राहतात, रोज चहाला येतात, माणूस वाईट नाही. पण तो विषय निघाला की त्यांचा चहा लगेच संपतो. मेमो मी या कागदाला टाचून ठेवला आहे. माझ्या मागं चैतालीला आजीच्या वह्यांसोबत तोही मिळावा का, याचा निकाल मला जिवंतपणी हवा आहे.

वकील म्हणाले, साक्षीदाराला मृत्युपत्रात काही ठेवू नये. उत्तम झालं. सर, तुम्हाला काहीच ठेवलेलं नाही, म्हणून तुम्ही साक्षीदार. टेबलावर दोन काचा मांडल्या आहेत. हौदाच्या तळाचा गाळ आठ दिवस चाळून मी अमिबा धरलाय, त्याची थट्टा नको. दोन्ही बघा, काय दिसलं ते स्वतःच्या हातानं लिहा आणि मगच सही करा. चष्मा काढून बघितलेलं बरं पडतं.

हे माझं पहिलं आणि शेवटचं मृत्युपत्र. वाचून, समजून, दोन्ही साक्षीदारांसमोर सही करते.

मुक्ताबाई आबाराव बनसोडे
मुरुम, दिनांक १८ ऑगस्ट २०२४

साक्षीदार पहिली: ज्ञानेश्वरी शंभुलिंग बिराजदार, निवृत्त परिचारिका. मुक्ताबाईंनी माझ्यासमोर सही केली.

साक्षीदार दुसरा: शिवशरण काशिनाथ स्वामी, निवृत्त शिक्षक. मुक्ताबाईंनी माझ्यासमोर सही केली. डावी काच, अमिबा. उजवी काच, हवेचा बुडबुडा. १९८६ सालीही बुडबुडाच होता, आणि काच मी ठेवली होती. टाचलेला मेमो बाईंच्या परवानगीने काढून घेतला आहे.