मनगटावरचं नाव

३ जानेवारी १९३८, अमरावती
अकोल्याहून सकाळच्या गाडीनं आले. बडनेऱ्याला गाडी बदलताना संत्री घेऊन खाल्ली. बऱ्याच वर्षांनी बरं वाटलं. अकोल्याच्या जिनिंग गिरणीत कापूस निवडून छाती धुळीनं भरली होती. इथलं काम पाण्याचं. केशवराव फिल्म काढतात; मी फिती धुवून दोरीवर वाळत घालायच्या. राहायला खोली आहे, वाचायला रोजचं वर्तमानपत्र.

केशवरावांना नट नकोत, गोष्ट नको. बाजारातली माणसं आणून कोणाची टाच, कोणाची मान टिपतात आणि सगळ्यांची मिळून एक बाई जोडतात. चेहरा घेत नाहीत. तो खोटं बोलतो, म्हणतात.

११ जानेवारी
आज जमुना फुलवालीचे हात घेतले. अंगणात उन्हात बसून तिनं शेवंतीचा हार ओवला. नटूनथटून आली होती. चेहरा घेणार नाहीत कळल्यावर म्हणाली, "मंग पावडर कायले लावली मी?" खूप दिवसांनी हसले.

१९ जानेवारी
जमुनाच्या दुकानावर गेले. हार तिची सासू ओवत होती. जमुना नुसती बसलेली. म्हणाली, "गाठच बसत नाही, बाई. हात माहेच हायेत, पन त्याईले काई येतच नाही."
दुपारी खिडक्यांना गोधड्या लावून केशवरावांनी फिल्म दाखवली. तिच्यात ते हात झरझर गाठी मारत होते.

२३ जानेवारी
केशवरावांनी माझं मनगट मागितलं. त्यावर यजमानांचं नाव गोंदलेलं आहे. ते गेले तेव्हा बांगड्या फोडल्या, कुंकू पुसलं. गोंदण कोणाला पुसता आलं नाही. त्या तीन अक्षरांवरूनच मी वाचायला शिकले. नाव तोंडानं कधी घेतलं नाही, म्हणून इथेही लिहीत नाही.
जमुनाचं पाहून नको म्हटलं. ते म्हणाले, "तुमच्याबरोबर हे जळून जाईल. फिल्ममध्ये राहील."
मी हो म्हटलं.

२४ जानेवारी
उन्हात कॅमेऱ्यापुढे हात धरून बसले. दुखलं काही नाही.

२७ जानेवारी
फीत मीच धुतली. तिच्यात अक्षरं ठळक. मनगटावर फिकी. साबणानं असेल. पण बावीस वर्षं साबणच लावते आहे.

२९ जानेवारी
मनगट कोरं. लहान मुलीचं असतं तसं.
केशवरावांना दाखवलं. मग म्हणाले, सुरुवात त्यांनी स्वतःच्या चेहऱ्यापासून केली होती. तेव्हापासून आरशातला माणूस त्यांना ओळखू येत नाही. चेहरे सोडतात ते म्हणून.

३० जानेवारी
नाव आठवायला बसले. पहिलं अक्षर जिभेवर— नाही.

३१ जानेवारी
फिल्म लावायला सांगितली. तीन अक्षरं आहेत. वर्तमानपत्र वाचता येतं, ही तीन नाहीत. रेघा नुसत्या.
केशवरावांना म्हटलं, तुम्ही वाचा. त्यांनी वाचलं. ओठ हललेले दिसले. ऐकू काही—

१ फेब्रुवारी
मागची पानं चाळली. यजमान. ते. एकदाही नाव नाही. मीच लिहिलं नाही.
दर्यापूरला जाते. सासरी कोणी उरलं नाही, पण आळीत एखादं म्हातारं माणूस असेल. दारातच विचारतील, बाई, तू कोनाची? मी सांगेन, मी—