केकखाली गाडलेला मेसेज

सोम. १० नोव्हें.
आज साहेबांचा वाढदिवस. वीज उपकेंद्राच्या ग्रुपवर सकाळपासून केक, फुगे, जोडलेले हात. त्यातच लाइनमन गफूरभाईंनी लिहिलं होतं, "अजून खांबावर हाय, फीडर चालू करू नका." बघता बघता ते केकखाली गाडलं गेलं. ड्यूटीवर ऑपरेटर मी. पाणी आणायला गेले, तेवढ्यात लाईटीसाठी गावातून फोनावर फोन. मदतनीस सोपानला वाटलं काम उरकलं. त्याचा हात त्या लाइनीच्या, म्हणजे फीडरच्या, स्विचवर. दारातूनच किंचाळले, म्हणून...

मंगळ. ११
ग्रुपवर लिहिलं: साहेब, शुभेच्छा. पण काल माणूस मेला असता. हा ग्रुप कामाचा की बारशाचा?
सगळ्यांनी वाचलं. संध्याकाळी साहेबांनी ग्रुपला कुलूप ठोकलं, आता फक्त तेच लिहिणार. खांबावरच्या माणसानं काय हाका मारायच्या?

बुध. १२
नवा ग्रुप काढला. लाइनमन, सोपान, मी. नियम माझे. देवाचे फोटो नाहीत, अंगठा नाही. फीडरचं नाव, आपलं नाव, 'खाली उतरलो' असं पूर्ण लिहायचं. वर, फोनवर त्या माणसाचा आवाज ऐकल्याशिवाय मी स्विचला हात लावणार नाही.
सोपाननं त्यालाच अंगठा दिला. झापला.

शुक्र. १४
साहेबांना कळलंच. फोन.
"ग्रुप डिलीट करा. कंत्राटी आहात, विसरू नका."
"विसरू देता कुठं, साहेब?"
तोंडातून गेलं ते गेलं. कंत्राट याच महिन्यात संपतंय. आई म्हणते, "पाण्यात राहून माशाशी वैर कशाला गं?" भीती वाटते. लई वाटते. तरी डिलीट करणार नाही.

सोम. १७
जुन्या ग्रुपवर साहेबांचं फर्मान: नवा ग्रुप आजच सोडा. आता एकेक जण निघणार, म्हणून फोन पालथा घालून ठेवला. दुपारी गफूरभाईंचा फोन.
"ताई, साहेबाला सांगून टाकलो. ताईचा आवाज ऐकल्याबिगर आपण खांबावर चढणार न्हाई."
"मग? काय म्हणले?"
"काय म्हणत्यात! फोन ठिवले."
ग्रुप उघडला. एकानंही सोडलेला नाही. रडू आलं, राग पण आला स्वतःचा.
उद्या साहेबांनी उदगीरच्या ऑफिसात बोलावलंय, मला एकटीला. कंत्राटावर सही करायला की घरी पाठवायला, कुणास ठाऊक. सोपान म्हणतो, "माफी मागून टाका, मॅडम."
जाणार. माफीबिफी काही नाही.