अकरावे प्रकरण कुणाच्या हवाली

मी, हेस्टर मॉड लॅव्हरिक, वय एक्याऐंशी, अविवाहित, राहणार हार्बर लेन, स्टोक ॲरल, सॉमरसेट, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, कुणाच्याही सांगण्यावरून नव्हे, सकाळच्या उजेडात लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. याआधीची दोन्ही मृत्युपत्रे रद्द समजावीत. त्यांतले दुसरे कुणीतरी वाचले असावे असा मला संशय आहे, कारण त्यात लिहिलेल्या गोष्टींबद्दल लोक माझे आगाऊ आभार मानू लागले होते.

१. राहते घर माझ्या भावाची मुलगी फिलिपा हिला द्यावे. ती वाईट मुलगी नाही. फक्त भेटायला येताना पर्समध्ये मोजपट्टी आणते, आणि मी चहा करायला आत गेले की पट्टी गुंडाळल्याचा आवाज येतो. पडदे तिने हवे ते लावावेत. अभ्यासिकेचे दार मात्र कलम चारची पूर्तता होईपर्यंत उघडू नये.

२. बँकेतली शिल्लक ऑक्सफर्डमधल्या माझ्या जुन्या कॉलेजला. आमच्या वेळी तिथल्या वाचनालयात हातमोजे घालून टिपणे काढावी लागत. पैसा वाचनालय उबदार ठेवण्यासाठी वापरावा. प्राचार्यबाईंच्या तैलचित्रासाठी वापरलेला मला चालणार नाही.

३. टंकलेखन यंत्र श्रीमती ट्रॉट यांना. त्या माझ्याकडे साफसफाई करतात आणि टेबलावरचे कागद कधीही 'नीट लावून' ठेवत नाहीत.

४. आता मुख्य गोष्ट. बार्थोलोम्यू टॅल्बी हा आमच्या गावचा प्रवासी. तीनशेहून अधिक वर्षांपूर्वी तो सीरियातल्या अलेप्पोला जाऊन आला आणि त्याने प्रवासवर्णन छापले, असे गाव मानते. त्याचे चरित्र मी लिहून पुरे केले आहे. या चरित्राच्या अकराव्या प्रकरणात मी दाखवले आहे की टॅल्बीने अलेप्पो बहुधा पाहिलेच नाही.

पुरावा साधा आहे. टॅल्बी लिहितो की संध्याकाळी शहराजवळ येताना मावळता सूर्य डोळ्यांवर येत होता, म्हणून कपाळावर हात धरून त्याने मिनार पाहिले. त्याच्या आधी एडमंड रूक नावाच्या व्यापाऱ्याने जवळजवळ याच शब्दांत हे लिहिले होते. पण रूक बगदादकडून, म्हणजे पूर्वेकडून येत होता. टॅल्बी बंदरावरून, पश्चिमेकडून आला. त्याच्या पाठीमागे असायला हवा तो सूर्य समोर कसा आला? उतारा उचलला, पण दिशा बदलायचे राहून गेले. त्या काळचे प्रवासी एकमेकांची पाने सर्रास उचलत, आणि पकडले जात ते अशाच ठिकाणी.

दुर्दैवाने याच वाक्यावर आमचे गाव उभे आहे. खानावळीच्या पाटीवर टॅल्बी कपाळावर हात धरून उभा आहे. दर जूनमध्ये टॅल्बी मंडळाचे सभासद धक्क्यावर जमतात, ते वाक्य मोठ्याने वाचतात, आणि धर्मगुरूंसकट सगळे सूर्याकडे तोंड करून कपाळावर हात धरतात. मग कांदा, चीज आणि सफरचंदाची साइडर. संग्रहालयाची नवी इमारतही याच वाक्याच्या जोरावर व्हायची आहे.

गेल्या हिवाळ्यात मी रुग्णालयात होते. परत आले तर टेबलावर दहावे प्रकरण होते, बारावे होते, अकरावे नव्हते. फिलिपा म्हणाली, "वाऱ्यानं उडालं असेल, आत्या."

"वारा बराच शिकलेला दिसतो. किल्ली कुणाला दिली होतीस?"

"मिस्टर पास्कना. झाडांना पाणी घालायला."

"माझ्या घरात झाडं नाहीत, फिलिपा."

रेजिनाल्ड पास्क हे मंडळाचे अध्यक्ष. प्रकरणाची दुसरी प्रत बँकेत होती, हे त्यांना ठाऊक नव्हते. मी ते सहज बोलून दाखवताच दुसऱ्या दिवशी ते केक घेऊन हजर झाले.

"मिस लॅव्हरिक, इतकी वर्षं झाली. टॅल्बी गेला होता की नव्हता, आता कुणाला काय फरक पडतो?"

"पडत नसेल तर केक कशाला आणलात?"

"मंडळ तुमचं पुस्तक थाटात छापेल हो. एवढं एक प्रकरण सोडून. तुमच्या माघारी सगळं आमच्याकडे सोपवा, म्हणजे तुम्हाला काळजी नको."

"मला काळजी आवडते," मी म्हणाले. केक श्रीमती ट्रॉट यांनी नेला. त्यांनीच मला सांगितले की पास्क खानावळीत म्हणतात, "बाईंचं डोकं आता ठिकाणावर नाही. तसली बाई काहीही लिहून ठेवील, आपण कोर्टात बघून घेऊ."

तेव्हा हस्तलिखित द्यावे कुणाला? फिलिपाला गोड बोलून कुणीही गुंडाळेल. कॉलेज ते तळघरात ठेवील. प्रकाशकाने मंडळाबरोबर दोनदा जेवण घेतले आहे. पुष्कळ विचार करून मी ॲबरिस्टविथचे डॉ. ओवेन प्रिचर्ड यांना फोन केला. या गृहस्थांशी माझे तीस वर्षांचे वैर आहे. जकात नाक्यावरचा शिपाई ट्रंका उचकतो तशी मिस लॅव्हरिक दुसऱ्यांची पुस्तके वाचते, असे त्यांनी छापून आणले होते. टॅल्बी अलेप्पोला गेला होता, त्याची टिपणे जहाजावर बुडाली आणि म्हणून त्याने रूकची वाक्ये उसनी घेतली, असे त्यांचे मत आहे.

"बाई! अजून आहात तुम्ही?" ते म्हणाले.

"तुमची निराशा करते आहे खरी. सूर्याचं काय करणार तुम्ही?"

"उंटावर उलटा बसला असेल!"

"ते छापून दाखवा."

"आधी तुमचं छापून येऊ द्या, मग बघा कसा फाडतो ते. एकेक ओळ घेऊन फाडतो."

मला हवे होते ते एवढेच. या माणसाने आजवर माझे एकही वाक्य मोडून उद्धृत केलेले नाही. खोडायचे असते म्हणून तो ते अख्खे देतो. म्हणून टॅल्बीचे चरित्र, सर्व टिपणे आणि हक्क मी डॉ. ओवेन प्रिचर्ड यांना देते. अट एकच: अकरावे प्रकरण जसेच्या तसे छापावे. त्यांचा जबाब त्याच पुस्तकात मागे जोडायला माझी हरकत नाही. तो लांबलचक असेल, याची मला खात्री आहे.

५. माझ्या दफनाच्या वेळी कुणीही कपाळावर हात धरू नये. ऊन असले तरी.

६. साक्षीदारांविषयी. डॉ. नोरा एल्फिक माझी प्रकृती जाणतात, म्हणून त्या एक. दुसरे नाव मिस्टर पास्क यांनी आपण होऊन सुचवले, ते त्यांचे स्वतःचे. आपल्याला काय मिळते ते जवळून कळेल, अशी त्यांची समजूत असावी. साक्षीदाराला मजकूर वाचावा लागत नाही. सही करताना वरचा भाग टीपकागदाने झाकलेला राहील. दोन्ही साक्षीदारांनी माझ्या मनःस्थितीबद्दल आपले मत स्वतःच्या हाताने एका ओळीत लिहावे, अशी मी विनंती करणार आहे. बाई समोर बसलेली असताना आणि मृत्युपत्र तिच्या हाताखाली असताना पास्क काय लिहितील, याची मला चिंता वाटत नाही.

सही: हेस्टर मॉड लॅव्हरिक
स्थळ: स्टोक ॲरल. दिनांक: ९ मे १९८७

वरील सही आम्हा दोघांच्या समक्ष झाली.

साक्षीदार पहिल्या: नोरा एल्फिक, डॉक्टर. 'आज सकाळी तपासले. पूर्ण शुद्धीत. रक्तदाब माझ्यापेक्षा बरा.'

साक्षीदार दुसरे: रेजिनाल्ड पास्क, अध्यक्ष, टॅल्बी मंडळ. 'मिस लॅव्हरिक यांची बुद्धी आजही अत्यंत तल्लख असून त्यांचा प्रत्येक निर्णय पूर्ण विचारान्ती घेतलेला असतो, असे मी अभिमानाने नमूद करतो.'