बरणीतली गोडंबी

बोरी अरब
दि. ९ जानेवारी २०२४

चि. सौ. दिपालीस,
आजीचे पोटभर आशीर्वाद. वि. वि.

मी बोलून राह्यली आन् वामनराव लिहून राह्यले. जन्मभर गावाचं टपाल वाटलं, आता घरी बसून अंगाले मुंग्या येते म्हणून माह्या ओसरीवर येऊन बसते. त्याइले सांगतलं, बोलीन तसंच लिहा, शुद्ध कराले जाऊ नका. फोन मी करत नाही. तुह्या सासरी फोन वाजला का तो स्पीकरवर, मंग सासू, कपिल जावई, वरचा भाडेकरू, सगळेच कान लावते. त्यापेक्षा पत्र डब्यात, डबा पूनमसिंगच्या जीपमधी, जीप पुसदले.

तुही सासू वच्छलाबाई तुले भिजवलेले बदाम सोलून देते म्हणे. शी! खुशीच्या बारशाले मी पाह्यले. पांढरे, गिळगिळीत, उंदराच्या उघड्या पिलावाणी. आन् शेंगदाण्याले बंदी, लेकराले खोकला होते म्हणून! मी चार लेकरं शेंगदाणे खात खात पाजली, एक बी खोकललं नाही. खोकलला तो तुहा आजा, पण ती त्याची बिडी होती.

तुही माय असती तर तिनं केलं असतं. ते नाही, म्हणून बाळंतिणीचा डबा माह्यावर. एकवीस लाडू आहेत. डिंक, खोबरं, खारीक आन् गोडंबी. बिब्बा फोडून आतली गोडंबी काढणं म्हणजे हात पोळून घेणं, तेल लागलं तिथं फोड. तुह्या लग्नाच्या वर्षी मी ते फोडली आन् तुह्या बाळंतपणासाठी बरणीत ठेवली. सकाळी एक खाजो, संध्याकाळी एक. अंगावर पाजणारीनं दातानं कडक खावं, तेव्हा दुधात जोर येते. (इथं वामनरावाइनं मान खाली घातली. तीन लेकराचा बाप, दूध लिहायले लाजते!) त्याइनं एक लाडू खाल्ला, छान आहे म्हणते.

डबा रिकामाच आला पाहिजे. भरला डबा परत आला तर मी समजीन, नातीनं आजीलेच परत धाडलं.

माया आहेच, लाडू संपेपर्यंत तरी तुही बी राहू दे.
तुही आजी, जमनाबाई (अंगठा)


पुसद
दि. १६ जानेवारी २०२४

ती. स्व. आजीस,
दिपालीचा शि. सा. न. वि. वि.

लाडू पोचले. रोज दोन खाल्ले. छान झालेत.

आता जे लिहिते ते वामनआबांना मोठ्यानं वाचावं लागणार, म्हणून हात अडखळतो. आबा, माफ करा. चार दिवसांपासून खुशीच्या गालांवर लाल पुरळ आहे. लंगोटात हिरवट, शेंबडासारखं बुळबुळीत येतं, आणि काल त्यात रक्ताची बारीक रेघ दिसली. मी घाबरले. कपिलनं लंगोटाचा फोटो काढून घरच्या ग्रुपवर टाकला. बत्तीस जणांनी पाहिला. नागपूरच्या आत्यांनी तो मोठा करून पाहिला आणि ओव्याचं पाणी सुचवलं.

डॉक्टरीणबाईंनी खुशीला तपासलं. म्हणाल्या, पाजणाऱ्या बाईनं बदाम, शेंगदाणे खायला एरवी काही हरकत नसते, पण एखाद्या बाळाला आईच्या खाण्यातलं काही दुधातून सोसत नाही. तीन आठवडे असं सगळं बंद करा, दूध मात्र बंद करू नका, आणि रक्त वाढलं तर लगेच घेऊन या. पण सासूबाईंच्या मते माझं दूधच नासलं आहे. त्यांनी पावडरचा डबा आणून ठेवला. रविवारपर्यंत फरक नाही पडला तर अंगावरचं तोडायचं, असं त्यांनी सांगितलं आहे, आणि घरात त्यांच्यापुढे कोणी बोलत नाही.

आजी, दूध पिताना ती माझं बोट धरून ठेवते. माझ्यानं तिला तोडवणार नाही. तू खरं सांग, माझं दूध वाईट असेल का?

लाडू थांबवलेत. नऊ उरले. ते परत पाठवायची हिंमत नाही, म्हणून डबा माझ्याकडेच आहे. रागावू नकोस.

तुझ्या हाताखालून कधी न सुटलेली,
दिपाली


बोरी अरब
दि. १८ जानेवारी २०२४

चि. सौ. दिपालीस,
आशीर्वाद. वि. वि.

हे पत्र मोठ्यानं वाचजो. वच्छलाबाईले समोर बसव, आन् नागपूरच्या आत्याले बी फोनवर घे. आज मीच म्हणतो, लाव स्पीकर.

पह्यले कपिलले सांगजो, लेकराच्या हगवणीचा फोटो लोकाइच्या जेवणावेळी धाडणाऱ्याले आमच्या गावात घरात घेत नाही. शी शी शी! वामनराव नाकाले उपरणं लावून लिहून राह्यले, कागदाले काय वास येते का?

आता वासाचंच सांगतो. तुहं पत्र वाचलं तसा मले राग आला. म्हणलं लिहा, डॉक्टरणीले लाडवातलं काय समजते, लाडू खात राह्य. वामनरावाइनं पेन खाली ठेवलं. लिहीतच नाही. मंग हळूच म्हणते, जमनाबाई, तो लाडू खवट होता, मी गोठ्यामागं जाऊन थुकलो. माह्या सुनेले, तुह्या मामीले बोलावलं. ते कबूल झाली, का तिनं आपला लाडू म्हशीपुढं टाकला होता. म्हशीनं हुंगला आन् तोंड फिरवलं. साऱ्या घरात खरं बोलली ते एक म्हैस!

माहं नाक कोरोनात गेलं, ते आलंच नाही. तीन वरसं मी कोणाले सांगतलं नाही. सांगतलं असतं तर चूल हातातून गेली असती, आन् चूल गेली का म्हातारीचं काय उरते? बरणीतली गोडंबी तीन वरसाची. कडू कुबट झाली असंल, मले काय समजते. तेच तुह्या पोटात घातली. किळस आली मले माहीच. काल भाकर गेली नाही.

वच्छलाबाई, विहीणबाई, ऐकून राह्यल्या ना? पोरीचं दूध नासलं नाही. बाईच्या अंगात दूध नासत नाही, ते काय दूध तापवायचा गंज आहे? दोष असंल तर माह्या बरणीचा. डॉक्टरणीनं तीन आठवडे सांगतले, तीन आठवडे थांबा. तुमच्या बदामाले मी उंदराचे पिल्लं म्हणलं, तो शब्द परत घेतो. अर्धा.

आन् दिपाली, तुहं नाक तर धड आहे. पह्यल्याच लाडवाले वास आला असंल. बारा खाल्ले काहून वं? आन् छान झालेत कायले लिहिलं? उरलेले नऊ घंटागाडीत टाक, कुत्र्याले देऊ नको, त्यानं काय पाप केलं.

एक अजून. लेकराच्या टाळूले वास कसा येते ते लिहजो. बारशाले सारे हुंगून म्हणत होते, कसा गोड वास. मी बी हो हो म्हणलं. मले काहीच आलं नव्हतं.

माया ठेवजो, पण आता खोटी नको.
आजी (अंगठा)


पुसद
दि. १० फेब्रुवारी २०२४

ती. स्व. आजीस,
शि. सा. न. वि. वि.

पत्र मोठ्यानं वाचलं. 'अर्धा' शब्दावर सासूबाई हसल्या, मग उठल्या आणि पावडरचा डबा त्यांनी कपाटावर टाकला. तो अजून तिथंच आहे.

रक्त पुन्हा दिसलं नाही. बारा दिवसांत पुरळ गेलं, लंगोट स्वच्छ. (फोटो नाही.) खुशीचं वजनही वाढलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, गोडंबी होती, की खवटपणा, की बदाम, की आपोआप आलं आणि गेलं, हे त्यांनाही सांगता येत नाही. आता एकेक वस्तू थोडी थोडी खाऊन पाहायची. पहिल्यांदा मी भाजलेले शेंगदाणे मागितले. मूठभर खाल्ले, तीन दिवस पाहिलं. काही झालं नाही, आणि खोकलाही नाही!

तू विचारलंस म्हणून खरं लिहिते. पहिल्याच घासाला जुन्या रंगाच्या डब्यासारखा वास आला. नाक दाबून गिळला. दुसऱ्या दिवशी ओकारी आली, तरी गिळला. तुझ्या बोटांवरचे ते बिब्ब्याचे काळे डाग डोळ्यांपुढे यायचे. आई गेल्यावर मला असा डबा कोण पाठवणार होतं? थुंकायला जीभच वळली नाही.

रिकामा डबा पाठवू नये म्हणून सासूबाईंनी त्यात सोललेले बदाम घातलेत. म्हणाल्या, उंदराची पिल्लं विहीणबाईंना द्या, दात नसले तरी चावतील.

आणि टाळूचा वास. तिळाचं तेल, उन्हात वाळलेलं फडकं, आणि सगळ्याच्या खाली थोडंसं आंबट झालेलं दूध.

तुझी, यापुढे खरं बोलणारी,
दिपाली


बोरी अरब
दि. १३ फेब्रुवारी २०२४

चि. सौ. दिपालीस,
आशीर्वाद. वि. वि.

डब्यात शेंगदाण्याचे अकरा लाडू. दाणे या वरसाचे, वावरातले. चूल माह्यापाशी राह्यली, नाक वामनरावाचं. त्याइनं एकेक दाणा हुंगला आन् शंभर शिंका दिल्या. एक लाडू चार दिवसात, घाई नको. वास आला तर थुकजो, आन् कोणत्या लाडवावर थुकली ते लिहजो.

बदाम खाल्ले. गिळगिळीतच आहे. विहीणबाईले सांगजो, अजून धाडा.

टाळूचं वामनरावाइनं वाचून दाखवलं. आंबट दूध म्हणे. शी, म्हणलं. मंग म्हणलं, पुन्हा वाचा.

आजी (अंगठा)