यादीतलं पाचवं नाव

सर, रविवारी आपण पुन्हा हरलो. सेमीफायनल होती. नव्वद मिनिटं आणि वरची तीस मिनिटं एक-एक बरोबरीत गेली आणि टायब्रेकरमध्ये पाच विरुद्ध चार. तुम्ही गेल्यापासून बाद फेरीतला एकही सामना कंपनीच्या फुटबॉल टीमने जिंकलेला नाही. तुमच्या हाताखाली जिंकलेल्या शेवटच्या सेमीफायनलला या जानेवारीत तेरा वर्षं झाली. त्याच पावसाळ्यात तुम्ही गेलात. मी पुढे तीन हंगाम राइट हाफ खेळलो, चौथ्याला गुडघा गेला, आणि त्यानंतर आजपर्यंत ट्रेनर मीच आहे. कामठीच्या मैदानावरून मला उचलून तुम्ही लखनौला आणलंत, तेव्हा दहावी नापास मुलगा तुमच्या टीमचा वारस होईल असं कुणी म्हटलं असतं तर तुम्हीच हसला असतात.

तेरा वर्षं म्हणजे काय, ते सांगतो. दरवर्षी लीगमध्ये आपण पहिल्या चारांत येतो. दरवर्षी. मग बाद फेरी येते आणि पहिल्याच सामन्यात आपण घरी. एका वर्षी शेवटच्या दोन मिनिटांत आपल्याच बॅकच्या पायाला लागून चेंडू आपल्या जाळीत गेला. एका वर्षी दाट धुक्याचा कोहरा असा उतरला की गोलकीपरला चेंडू दिसला तो त्याच्या डोक्यावरून गेल्यावर. सगळं माझ्या रजिस्टरमध्ये आहे, मिनिटासकट. गेटबाहेरचा चहावाला मला पाहिलं की कढईतल्या समोशांकडे बघत मोठ्याने म्हणतो, "लीग में शेर, नॉकआउट में ढेर! आइए मास्टर साहब, चाय पीजिए." हसावं लागतं. पण आता नुसत्या हसण्यावर भागत नाही. तुमच्या वेळी टीममध्ये आलेला माणूस कंपनीत कायम व्हायचा, बूट काढले की ऑफिसच्या टेबलावर बसायचा. ती भरती बंद झाली. आता पोरं वर्षाच्या करारावर येतात, खेळणं हीच त्यांची नोकरी, आणि मार्चमध्ये करार पुढे जातो किंवा जात नाही. टीम ठेवायची की मोडायची याचीही चर्चा वर चालू आहे म्हणतात.

मी काय काय बदललं नाही, सर! केबलवर परदेशातले सामने बघून रचना बदलली. सकाळचा सराव बदलला. तुम्ही दिलेलं ते इंग्रजी नियमांचं पुस्तक, अर्धं मुखपृष्ठ गेलेलं, मी डिक्शनरी शेजारी ठेवून एकेक ओळ करत दोन वर्षांत वाचलं होतं. आज या शहरातल्या कुठल्याही रेफरीला मी नियम कलमासकट सांगू शकतो. डिप्लोमावाले येतात, मला 'कोच' म्हणायला त्यांची जीभ अडखळते, म्हणून 'मास्टर साहब'. चालेल. एक गोष्ट मात्र मी कधी बदलली नाही, ती म्हणजे टायब्रेकरची यादी.

नियमात असं कुठेही नाही की पेनल्टी मारणाऱ्यांचा क्रम आधी लिहून ठेवावा. ती तुमची पद्धत. सामन्याच्या सकाळी आम्ही अकरा जण तुमच्या विकास नगरच्या घरी जमायचो. काकू पूजेत असायच्या, आणि तुम्ही बनियनवर स्वयंपाकघरात उभे, मोठ्या पातेल्यात मुगाची खिचडी ढवळत. तूप किती घालायचं यावरून तुमचं काकूंशी भांडण ठरलेलं. खिचडी शिजेपर्यंत तुम्ही कॅलेंडरचं जुनं पान फाडायचात, ओट्यावरच कोपर टेकून पेन्सिलीने पाच नावं लिहायचात आणि पान खिशात टाकायचात. एकदा मी तिथेच रेफरीच्या आदल्या सामन्यातल्या चुकीबद्दल नियमाचा क्रमांक सांगायला लागलो. तुम्ही डाव हातातच धरून वळलात. "का बे, वकिली करायला आणलं का तुला मी कामठीवरून? ताटं घे." सगळे हसले. मी ताटं घेतली. कान गरम झाले होते ते अजून आठवतं. दुसऱ्या दिवशी तुम्ही काही न बोलता ते पुस्तक माझ्या हातात दिलंत.

तर रविवार. मीही सकाळी पाच नावं लिहिली. पाचवं नाव लेफ्ट हाफचं, सत्तावीस वर्षांचा लखनौचाच पोरगा, चार वर्षं टीममध्ये आहे, सरावात दहापैकी नऊ पेनल्टी घालतो. कोहऱ्यामुळे सामना तास-सव्वा तास उशिरा सुरू झाला. मैदान ओलं होतं. जादा वेळाच्या दुसऱ्या भागात तो एकदा उजवी मांडी धरून वाकला, मी पाहिलं. शिट्टी झाली, सगळे माझ्याभोवती जमले. तो पुढे आला आणि हळू आवाजात म्हणाला, "सर, मेरा नाम काट दीजिए. जांघ खिंच गई है. मारूँगा तो गेंद ऊपर जाएगी."

शेजारून स्टॉपर बॅक म्हणाला, "मैं मार देता हूँ सर, कोई बात नहीं."

मी म्हणालो, "लिस्ट बन चुकी है. उस्ताद के ज़माने से आज तक नहीं बदली."

"सर, मैं खुद बोल रहा हूँ ना. ऊपर जाएगी."

"नहीं बदलेगी."

"जी सर."

पहिली चार त्यांनी घातली, चार आपण घातली. पाचवी त्यांनी घातली. तो गेला, चेंडू ठेवला, तीन पावलं मागे आला. चेंडू बारवरून गेला, हातभर वरून. तो डोकं धरून खाली बसला नाही, सर. तो नुसता उभा राहिला आणि माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. आपण सांगितलेली गोष्ट खरी निघाल्यावर माणूस बघतो, तसं.

सोमवारी क्रीडा अधिकाऱ्यांनी बोलावलं. माझ्याहून पंधरा वर्षांनी लहान आहेत, माणूस वाईट नाही. म्हणाले, "मास्टर साहब, एक पन्ने की रिपोर्ट दे दीजिए. ऊपर वाले एक नाम माँगेंगे. लड़के ने चोट छिपाई थी, इतना लिख दीजिए, बात खत्म." मी 'देखते हैं' म्हणून उठलो. खोटं कशाला बोलू, त्या क्षणी मला सुटल्यासारखं वाटलं होतं.

मंगळवारी संध्याकाळी तो पोरगा घरी आला, सायकलवरून, लंगडत. रेवडीचा डबा आणला होता. तख्ताच्या अगदी कडेला बसला, चहा अर्धा प्यायला. त्याच्या घरी आई आणि लहान बहीण आहेत, आणि करार गेला तर फाटलेल्या मांडीचा, अठ्ठाविशीला टेकलेला हाफ दुसरी कुठली टीम घेणार, हे त्यालाही ठाऊक आणि मलाही. बराच वेळ शहरातल्या थंडीबद्दल बोलला. मग म्हणाला, "सर, बस ये मत लिखिएगा कि मैंने छिपाया. बाकी जो लिखना हो." मी म्हणालो, बघतो. तो गेल्यावर मुलीने पुस्तकातून मान वर केली. यंदा ती बारावीला आहे. मराठी सगळं समजतं, उत्तर हिंदीत देते.

"पापा, उसने तो आपको बताया था. मैं बेंच के पीछे ही बैठी थी."

"सांगितलं होतं. पण यादी बदलायची नाही, ही आपल्या टीमची शिस्त आहे."

"लिस्ट है कि गीता है?"

"अभ्यास कर तू."

"नहीं, बताइए ना. आपके उस्ताद ने कभी नहीं बदली? एक बार भी नहीं?"

"नाही," मी म्हणालो.

सर, हे फक्त तुम्हाला आणि मला ठाऊक आहे. तेरा वर्षांपूर्वी ते पाचवं नाव माझं होतं. कॅलेंडरच्या पानावर, तुमच्या अक्षरात, पेन्सिलीने. टायब्रेकरच्या आधी मी बुटाची नाडी बांधायला वाकलो आणि मला ती बांधता येईना. माझ्या पायाला काहीही झालेलं नव्हतं. मांडी ठीक, गुडघा तेव्हा ठीक. मी भ्यालो होतो. तुमच्याजवळ आलो आणि म्हणालो, "सर, माझ्यानं नाही होणार." मला वाटलं सगळ्यांसमोर आता माझी चामडी निघणार. तुम्ही माझ्याकडे पाहिलंही नाहीत. "बरं. पाणी पी," एवढंच म्हणालात, आणि लेफ्ट बॅकला बोटाने खुणावलंत. त्याने पाचवी पेनल्टी घातली आणि आपण जिंकलो. ड्रेसिंग रूममध्ये कुणीतरी तुम्हाला विचारलं, यादीत आधीपासून त्याचंच नाव होतं का? तुम्ही टॉवेलने मान पुसत म्हणालात, "यादी मी बदलतो का कधी?" आणि बाहेर येताना ते पान गुपचूप माझ्या हातात कोंबलंत. ते अजून त्या नियमांच्या पुस्तकात आहे.

माझी लाज राहावी म्हणून तुम्ही एकदा खोटं बोललात. मी त्या खोट्याचा नियम केला. तुमच्या माघारी प्रत्येक नव्या पोराला मी पहिल्याच दिवशी सांगत आलो, उस्तादांनी यादी कधी बदलली नाही, म्हणून आपण जिंकलो. इतक्या वेळा सांगितलं की मलाही तसंच आठवायला लागलं होतं. रविवारी तो पोरगा समोर उभा होता तेव्हा मला आठवलं का? आठवलं. स्पष्ट आठवलं. त्याचा पाय खरोखर दुखत होता, माझा दुखत नव्हता, एवढा फरकही त्याच क्षणी कळला. आणि तो मागत होता ते त्याला दिलं, तर मला जे मिळालं होतं ते काय होतं, हे मला तिथे ओल्या मैदानात उभं राहून कबूल करावं लागलं असतं. म्हणून मी 'नहीं बदलेगी' म्हणालो. टीमसाठी नव्हे.

काल रिपोर्ट दिली. तीनदा लिहिली, सुवाच्य अक्षरात, हिंदीत, व्याकरण तपासून. खेळाडूने किक मारण्याआधी दुखापत मला सांगितली होती, दुसरा खेळाडू तयार होता, निर्णय माझा होता, असं स्वच्छ लिहिलं. अधिकाऱ्यांनी चष्मा वर करून वाचली. "मास्टर साहब, आप तो अपना ही नाम दे रहे हैं."

"जो हुआ, वही लिखा है."

"ठीक है. लड़के का हो जाएगा फिर. आपका..." ते थांबले, आणि कागदावर शाईचा शिक्का मारला. पुढच्या हंगामात ट्रेनर दुसरा कुणी असेल, हे मी समजलो. पोराला फोन नाही म्हणून मी परत जाताना त्याच्या घरावरून गेलो, दारातच सांगितलं, रिपोर्टमध्ये तू लपवलंस असं नाही. त्याची आई आत या म्हणत होती. मी थांबलो नाही.

आज रजा टाकून दुपारभर हे लिहीत बसलो आहे. विकास नगरच्या तुमच्या घरात आता दुसरं कुटुंब राहतं, काकू पुण्याला मुलाकडे असतात, तेव्हा हे पाकिटात घालायचाही प्रश्न नाही. मुलगी मघाशी चहा ठेवून गेली तेव्हा मी कागद उलटा केला. तिला अजून सांगितलेलं नाही.

आणि एक राहिलं. रिपोर्टमध्ये मी मधेच एक वाक्य घातलं होतं: टीमच्या जुन्या प्रशिक्षकांच्या काळापासून चालत आलेल्या परंपरेनुसार यादी बदलली नाही. ते खोडता आलं असतं. खाली चार बोटं कागद कोरा होता, खरं काय ते लिहायला पुरला असता. अधिकाऱ्यांनी त्या वाक्यावर बोट ठेवलं, मान हलवली आणि म्हणाले, "हाँ, पुराने उस्ताद लोग ऐसे ही होते थे. ज़िद्दी. किसी की सुनते नहीं थे."

मी 'जी' म्हणालो, सर.