भिंतीकडे तोंड केलेला फोटो

न्यूयॉर्क, ३ मे १९०७

प्रिय बाबा,

पोचलो, बरा आहे. अक्षर वाकडं दिसलं तर आईला काही बोलू नका. बोटीच्या भट्टीची झळ हाताला जरा लागली, एवढंच. तिचा खोकला कसा आहे?

न्यूयॉर्कपर्यंतची शर्यत आपल्या कंपनीने जिंकली. निळ्या कंपनीची बोट अख्खा दिवस मागे राहिली. सहा दिवस आम्ही कोळसा ओतत होतो. मुकादम ओरडायचा, "ओता रे! निळ्यांपुढे नाक कापून घ्यायचंय का?" माझ्या शेजारी कोळसा ओतणारा टिमथी भट्टीपुढेच कोसळून गेला. त्याला समुद्रातच सोडलं.

धक्क्यावर उतरलो तर पेपरात बातमी, दोन्ही कंपन्या एक झाल्या! सह्या आम्ही लिव्हरपूल सोडण्याआधीच झाल्या होत्या. म्हणजे आम्ही मेलो ते कोणाला हरवायला?

बाबा, मॉरिस निळ्यांच्या बोटीवर कामाला लागला म्हणून तुम्ही पोटच्या पोराला घराबाहेर काढलंत. मीही तीन वर्षं भावाशी बोललो नाही. त्याचा फोटो अजून भिंतीकडे तोंड करूनच आहे का?

त्याची बोट उद्या लागेल. मी त्याला घ्यायला जातोय. तुम्ही तेवढा फोटो फिरवा. मालकांना आपसात हात मिळवताना आपल्यासारख्यांची लाज वाटली नाही, तर आपण कोणाची धरायची?

तुमचाच,
ह्यू